कन्सोलचा आवाज वारंवार जातो, किंवा बंद केला तरी जात नाही

चित्र स्वच्छ, कंट्रोलर ठीक, गेम पुढे सरकतोय, पण आवाज नाही. कन्सोल बंद करून चालू केला की येतो. चार दिवसांनी पुन्हा तेच. किंवा नेमकं उलट: घरात कुणी झोपलंय म्हणून टीव्ही म्यूट केला, तरी हातातला कंट्रोलर बोलतोच आहे. हेडफोन लावले, तरी टीव्ही गप्प बसत नाही. या दोन तक्रारी वेगळ्या वाटल्या तरी त्यांचं मूळ एकच आहे. कन्सोलच्या आवाजाला एकच एक बटण नसतं. गेम, कन्सोल, हेडसेट, टीव्ही आणि असला तर साउंडबार, प्रत्येकाकडे आपापलं म्यूट असतं आणि एकाने बंद केलेला आवाज दुसऱ्याला उघडता येत नाही.

म्हणूनच रिस्टार्ट हा या दुखण्यावरचा सगळ्यात फसवा उपाय आहे. रिस्टार्ट केलं की टीव्ही आणि कन्सोल यांची एचडीएमआयवरची बोलणी नव्याने होतात, हेडसेट नव्याने ओळखला जातो, गेमही पहिल्यापासून सुरू होतो. यातल्या नेमक्या कशाने गुण आला ते कळत नाही आणि कारण जिथल्या तिथे राहतं. पुढच्या वेळी आवाज गेला की लगेच पॉवर बटणाकडे हात नेऊ नका. आवाज गेलेला असतानाच तो कुठे अडलाय ते सापडतं, परत आल्यावर शोधायला काही उरत नाही.

आवाज कुठे मेला?

होम बटण दाबून मुख्य पडद्यावर या आणि डावीकडे-उजवीकडे सरका. मेनूची टिकटिक येते का? येत असेल तर कन्सोल, केबल, टीव्ही सगळं शाबूत आहे. गोंधळ गेमच्या आत किंवा चॅटच्या सेटिंगमध्ये आहे. टिकटिकही नसेल तर टीव्हीचा इनपुट बदला, टीव्हीतलंच एखादं ॲप लावा. तिथेही शांतता असेल तर कन्सोलला हात लावायचं कारणच नाही, टीव्ही किंवा साउंडबारकडे बघा. ॲपला आवाज आहे आणि फक्त कन्सोलला नाही, तर प्रश्न या दोघांच्या मधला: आउटपुट कुठे वळलंय किंवा कुठल्या स्वरूपात जातंय. फक्त एक लक्षात ठेवा. मेनूचे आवाज कुणी सेटिंगमधून बंद करून ठेवले असतील तर ही चाचणी चकवते, तेव्हा आवाज चांगला असताना एकदा टिकटिक ऐकून घ्या.

एक गोष्ट अनेकांना माहीत नसते आणि तिच्यापायी बराच वेळ वाया जातो. प्लेस्टेशन ५मध्ये टीव्हीकडे जाणाऱ्या आवाजाला कमी-जास्त करायची सोयच नाही. एचडीएमआयमधून आवाज पूर्ण पातळीवर बाहेर पडतो, तो किती ऐकायचा ते टीव्हीचा रिमोट ठरवतो. कन्सोलच्या मेनूत दिसणारे व्हॉल्यूम हेडफोनचे, कंट्रोलरच्या स्पीकरचे आणि चॅटचे असतात. एक्सबॉक्सच्या गाइडमधून टीव्हीचा आवाज कमी करता येतो, पण तिथेही कन्सोल फक्त टीव्हीला निरोप पाठवतो आणि टीव्ही आपलाच व्हॉल्यूम खाली आणतो. निन्टेंडो स्विच हातात असताना वरची अधिक-उणे बटणं काम करतात. तोच टीव्हीला जोडणाऱ्या डॉकमध्ये ठेवला की त्या बटणांचा टीव्हीच्या आवाजाशी संबंध उरत नाही. बटण बिघडलं म्हणून तक्रार करण्याआधी एवढं ध्यानात असू द्या.

कंट्रोलरवरचं ते छोटं बटण

प्लेस्टेशन ५च्या ड्युअलसेन्स कंट्रोलरवर, पीएस बटणाच्या खाली, दोन्ही स्टिकच्या मधोमध एक अरुंद बटण आहे. ते हलकेच दाबलं तर फक्त माइक बंद होतो आणि बटणावर नारिंगी दिवा स्थिर लागतो. दाबून धरलं तर माइक आणि त्यासोबत टीव्ही, हेडफोन, कंट्रोलरचा स्पीकर, सगळंच बंद. तेव्हा दिवा स्थिर राहत नाही, उघडझाप करतो. पुन्हा एकदा दाबलं की सगळं परत येतं.

मधूनच आवाज जाण्याच्या तक्रारीत मी सगळ्यात आधी हा दिवा बघायला सांगतो. मांडीवर ठेवलेल्या कंट्रोलरवर कोपर टेकलं, लहान मुलाने अंगठा दाबून ठेवला किंवा घाईत माइक बंद करताना बोट जरा जास्त रेंगाळलं, की खोलीत एकदम शांतता. टीव्हीवर म्यूटचं चिन्ह नसतं, कारण टीव्ही म्यूट झालेलाच नाही. रिमोटने पन्नासपर्यंत व्हॉल्यूम चढवला जातो आणि मग कुणीतरी चुकून ते बटण पुन्हा दाबतं. त्यानंतर काय होतं ते शेजाऱ्यांना विचारा.

रात्री फोन आला, दार वाजलं, तर हेच बटण सोयीचं आहे. एका बोटाने सगळं गप्प होतं. ते आहे हे माहीत असलं म्हणजे झालं.

आवाज गेला नाही, दुसरीकडे वळलाय

हेडसेट लावला की प्लेस्टेशन ५ आउटपुट आपोआप तिकडे वळवतो, काढला की परत आणतो. हे बहुतेक वेळा नीट चालतं. चालत नाही तेव्हा पीएस बटण एकदा दाबून खाली येणाऱ्या पट्टीतला स्पीकरचा आयकॉन उघडा आणि आउटपुट डिव्हाइस म्हणून कोणाचं नाव आहे ते वाचा. तिथे टीव्हीऐवजी भलतंच नाव असेल तर चोर सापडला. युएसबी माइकमध्ये पुष्कळदा हेडफोन लावायचं भोकही असतं. कन्सोल अशा माइकला हेडसेट समजतो आणि सगळा आवाज तिकडे पाठवतो. माइक टेबलावर, त्याला हेडफोन लावलेले नाहीत, आवाज हवेत विरतोय. इथे आउटपुट हाताने टीव्हीवर आणा आणि साउंड सेटिंगमधलं आउटपुट आपोआप बदलण्याचं बटण बंद करा. एवढं केलं नाही तर माइक पुढच्या वेळी जोडला की पुन्हा पहिले पाढे पंचावन्न.

त्याच जागी हेडफोनसाठी ‘ऑल ऑडिओ’ आणि ‘चॅट ऑडिओ’ असे दोन पर्याय असतात. चॅट ऑडिओ निवडलेलं असेल तर मित्रांचे आवाज कानात आणि गेमचा आवाज टीव्हीवर. काहींना हे मुद्दाम हवं असतं. ज्यांना नको असतं ते हेडफोन खराब झाला असं समजून नवा घेतात.

एक्सबॉक्सचा स्वभाव वेगळा. हेडसेट लावला तरी टीव्हीचा आवाज चालूच राहू शकतो. सेटिंग्जमध्ये ‘जनरल’ आणि त्याखाली ‘व्हॉल्यूम अँड ऑडिओ आउटपुट’ उघडलं की हेडसेट जोडलेला असताना स्पीकर म्यूट करण्याची खूण सापडते. ती लावली की घरातल्यांची सुटका. पण याच खुणेची दुसरी बाजू वारंवार त्रास देते. हेडसेटची पिन कंट्रोलरमध्ये राहून गेली, हेडसेट सोफ्याच्या फटीत, आणि दुसरं कुणीतरी तोच कंट्रोलर घेऊन खेळायला बसलं. टीव्ही गप्प. केबल उपटून बघितली जाते, टीव्हीला शिव्या घातल्या जातात. पिन काढली की आवाज हजर.

स्विच हातात घेऊन खेळताना हेडफोन उपटले आणि स्पीकरमधून काहीच आलं नाही, तर तो बिघाड नसावा. हेडफोन निघाल्यावर आवाज म्यूट करायची सोय त्याच्या सिस्टम सेटिंग्जमध्ये आहे. गाडीत किंवा वर्गात हेडफोन निसटला तर फजिती होऊ नये यासाठी ती दिलेली आहे. व्हॉल्यूमचं अधिक बटण दाबा. ब्लूटूथ हेडफोनची सोय स्विचला सप्टेंबर २०२१च्या अपडेटने मिळाली, पण त्यांचा माइक चालत नाही, सोबत दोनपेक्षा जास्त वायरलेस कंट्रोलर जोडता येत नाहीत आणि जवळच्या दुसऱ्या स्विचशी वायरलेसने खेळायला लागलात की हेडफोन तुटतो. चौघं खेळायला बसले की आवाज जातो, या तक्रारीचं उत्तर इथेच आहे. प्लेस्टेशन ५ आणि एक्सबॉक्स साधे ब्लूटूथ हेडफोन थेट जोडूनच घेत नाहीत, तेव्हा तिथे जोडण्याची खटपट करू नका.

कुणी बोललं की गेमचा आवाज बसतो

हा प्रकार ओळखायला अवघड, कारण आवाज पूर्ण जात नाही. मध्येच खाली जातो, परत वर येतो. स्पीकर सैल झाल्यासारखं वाटतं. एक्सबॉक्सच्या त्याच ऑडिओ सेटिंगमध्ये ‘चॅट मिक्सर’ आहे. पार्टीत, म्हणजे मित्रांच्या व्हॉइस चॅटच्या गटात, कुणी बोलायला लागलं की बाकी आवाजाचं काय करायचं हे तो ठरवतो: काहीच नाही, ५० टक्के कमी, ८० टक्के कमी किंवा पूर्ण म्यूट. आता पार्टीतल्या एकाचा माइक उघडा आहे आणि त्याच्या डोक्यावर पंखा घरघरतोय. माइकच्या दृष्टीने तो माणूस सतत बोलतोय. तुमचा गेम दर दोन-चार सेकंदांनी दबला जातो. चॅट मिक्सर ‘काहीच करू नका’वर आणा, त्या पंख्यावाल्याला म्यूट करा.

हेडसेटवरही गेम आणि चॅट यांच्यातला तोल साधणारी चकती किंवा बटणांची जोडी असते. प्लेस्टेशनच्या पल्स थ्रीडीवर ती कानाच्या कपावरच आहे. हेडसेट काढून ठेवताना बोटाने ती चॅटच्या टोकाला गेली की गेम पार नाहीसा होतो. कन्सोलच्या कुठल्याही सेटिंगमध्ये हे दिसणार नाही, कारण हे हेडसेटने केलेलं असतं.

चित्र आहे, संगीत आहे, संवाद नाहीत

पात्रांचे ओठ हलतात, मागे संगीत वाजतं, पावलांचा आवाज येतो, बोलणं मात्र येत नाही किंवा विहिरीतून आल्यासारखं येतं. हे लक्षण जवळजवळ नेहमी एकाच गोष्टीकडे बोट दाखवतं: कन्सोल ५.१ किंवा ७.१ चॅनेल (म्हणजे सहा किंवा आठ स्पीकरसाठी वेगवेगळा केलेला आवाज) पाठवतोय आणि ऐकवणारे स्पीकर दोनच आहेत. अशा मांडणीत संवाद मधल्या, म्हणजे सेंटर चॅनेलमध्ये असतात. मधला स्पीकरच नसेल आणि टीव्हीने ते दोन्ही बाजूंना वाटून दिले नाहीत, तर ते गळून पडतात.

प्लेस्टेशन ५मध्ये ‘साउंड’, ‘ऑडिओ आउटपुट’ या वाटेने जाऊन एचडीएमआय डिव्हाइसचा प्रकार ‘टीव्ही’ करा. एक्सबॉक्सवर एचडीएमआय ऑडिओ ‘स्टिरिओ अनकम्प्रेस्ड’ करा. स्विचवर टीव्ही सेटिंग्जमध्ये टीव्ही साउंड ‘स्टिरिओ’ करा. आवाज वारंवार जाण्याच्या कुठल्याही तक्रारीत मी हे आधी करून घेतो, साउंडबार कितीही महागडा असला तरी. साधा दोन चॅनेलचा पीसीएम, म्हणजे न दाबलेला डिजिटल, आवाज न समजणारं उपकरण शोधून सापडणार नाही. त्यावर काही दिवस आवाज टिकला, तर कारण स्वरूपाचं आहे हे ठरलं. मग एकेक पायरी वर चढा, म्हणजे कुठल्या पायरीवर घसरता ते कळेल.

साउंडबारवाल्यांनी एक मर्यादा समजून घ्यावी. कन्सोल टीव्हीला आणि टीव्ही साउंडबारला अशी जोडणी असेल तर टीव्हीकडून साउंडबारकडे आवाज एचडीएमआयमधल्याच एआरसी किंवा तिची नवी, रुंद आवृत्ती ईएआरसी या वाटेने जातो. एआरसी ही एचडीएमआय १.४सोबत २००९ साली आलेली जुनी वाट. तिच्यातून दोन चॅनेलचा पीसीएम जातो किंवा डॉल्बी, डीटीएससारखा दाबून बसवलेला ५.१. न दाबलेला ५.१ तिच्यात मावत नाही. आणि स्विच नेमका तोच देतो, कारण त्याचा सराउंड फक्त लिनिअर पीसीएमचा आहे. म्हणजे एआरसीवाल्या टीव्हीमागून स्विचचा सराउंड जसाच्या तसा साउंडबारपर्यंत पोहोचत नाही, कितीही सेटिंग फिरवा. ईएआरसी असेल तर जातो, नाहीतर साउंडबारला एचडीएमआय इनपुट असल्यास कन्सोल थेट तिथे जोडा. ऑप्टिकल केबललाही एआरसीसारखीच मर्यादा आहे, आणि प्लेस्टेशन ५ किंवा एक्सबॉक्स सिरीजच्या कन्सोलवर ऑप्टिकलचं भोकच नाही.

टीव्हीच्या स्वतःच्या सेटिंगमधलं ‘डिजिटल ऑडिओ आउट’ही बघा. कन्सोल डॉल्बी देतोय आणि टीव्हीने पीसीएम धरून ठेवलंय, असा बेबनाव तिथे होतो.

रेस्ट मोडमधून उठल्यावरच जातो

कन्सोल जागा होतो, टीव्हीला जागं करतो, टीव्ही साउंडबारला हाक मारतो. साउंडबार उठायला दोन-तीन सेकंद उशीर करतो, तेवढ्यात टीव्ही आवाज स्वतःच्या स्पीकरवर घेतो किंवा कुठेच घेत नाही. खात्री करायची असेल तर आवाज नसताना टीव्हीचा इनपुट दुसरीकडे नेऊन परत आणा. एवढ्याने आवाज आला तर दोष या सकाळच्या गोंधळाचा. काही दिवस साउंडबार, मग टीव्ही, मग कन्सोल या क्रमाने चालू करून बघा. हा क्रम पाळल्यावर त्रास थांबला, तर एचडीएमआयवरून एकमेकांना जागं करण्याची सोय बंद करून टाका. एक रिमोट जास्त हातात घ्यावा लागेल, पण रोजची कटकट संपेल.

केबलवर संशय सगळेच घेतात, मी जरा उशिरा घेतो. एचडीएमआयमध्ये आवाज चित्राच्याच प्रवाहात, त्याच्या मोकळ्या फटींमधून जातो. केबल खराब असेल तर आवाजाच्या जोडीला चित्रातही ठिपके चमकतात किंवा पडदा क्षणभर काळा होतो. चित्र ठणठणीत आणि फक्त आवाज नाही, तर कन्सोलची केबल बहुधा निर्दोष आहे. टीव्ही आणि साउंडबारमधल्या केबलला मात्र हे लागू नाही. एआरसी, ईएआरसीचा उलटा प्रवास वेगळ्या तारांवरून होतो, आणि जुन्या केबलमध्ये नेमक्या त्याच तारांची बोंब असू शकते. नवी केबल आणायची तर ती इथे लावून बघा.

बंद करायचाय, होत नाही

रात्रीच्या खेळाची मुख्य अडचण टीव्ही नसतोच. ड्युअलसेन्स आणि त्याआधीचा ड्युअलशॉक ४ यांच्या पोटात स्पीकर आहे, आणि काही गेम त्यातून पैशांचा खणखणाट, रेडिओवरचं बोलणं असे आवाज काढतात. टीव्ही म्यूट केल्याने त्यावर परिणाम होत नाही. साउंड सेटिंगमध्ये कंट्रोलरच्या स्पीकरचा व्हॉल्यूम शून्यावर आणा. मला तो स्पीकर दिवसाही नको असतो, पण ती आवडीनिवडीची बाब आहे.

तरीही कंट्रोलर गुरगुरतोय? मग तो आवाज नाही, कंपन आहे. स्विचचे जॉय-कॉन टेबलावर ठेवलेले असताना कंपनाने अक्षरशः सूर काढतात, त्यांच्यात स्पीकर नसूनही. ड्युअलसेन्सची कंपनंही शांत खोलीत स्पष्ट ऐकू येतात. हे व्हॉल्यूमने कमी होणार नाही, कंपनाची तीव्रता कमी करण्याचं किंवा बंद करण्याचं सेटिंग कंट्रोलर विभागात वेगळं आहे.

प्लेस्टेशन ५ चालू-बंद करताना येणारी पीप थेट यंत्राच्या डब्यातून येते. टीव्ही बंद असला तरी ती वाजणार. सप्टेंबर २०२३च्या अपडेटपासून ‘सिस्टम’ सेटिंगमध्ये ‘बीप साउंड’ मिळतं, तिथे ती हळू किंवा बंद करता येते. मुख्य पडद्यावरचं संगीत साउंड सेटिंगमधून घालवता येतं.

स्फोट कानठळ्या बसवतात आणि संवादासाठी व्हॉल्यूम वाढवावा लागतो, या खेचाखेचीत मास्टर व्हॉल्यूम खाली आणून काही होत नाही, दोन्ही सारखेच खाली जातात. गेमच्या ऑडिओ मेनूत डायनॅमिक रेंज किंवा ‘नाइट’ नावाचा पर्याय असेल तर तो लावा, तो मोठे आवाज दाबून बारीक आवाज उचलतो. नसेल तर संगीत आणि इफेक्ट्स निम्म्यावर आणा, संवाद पूर्ण ठेवा. स्पीकरचा प्रकार विचारला असेल तर खरं उत्तर द्या. टीव्हीच्या स्पीकरवर ऐकताना ‘होम थिएटर’ निवडून ठेवणारे पुष्कळ आहेत.

माइकचं म्यूट ही निराळी गोष्ट. ड्युअलसेन्समध्ये माइक अंगचाच आहे, त्यामुळे हेडसेट नसतानाही घरातलं बोलणं पार्टीत जाऊ शकतं. माइक सेटिंगमध्ये लॉगिन करताना माइक कुठल्या स्थितीत असावा ते ठरवता येतं. तिथे म्यूट ठेवा, बोलायचं तेव्हा बटण दाबा. पार्टीत स्वतःचाच आवाज परत ऐकू येत असेल तर तुमचं यंत्र तपासू नका. ज्याला प्रतिध्वनी ऐकू येतो त्याच्याकडे दोष नसतो. दुसऱ्या कुणाचा तरी टीव्ही मोठ्याने चालू असतो आणि त्याचा माइक तो उचलत असतो. एकेकाला म्यूट करत गेलं की ज्याच्यापाशी प्रतिध्वनी थांबेल तोच. आणि पार्टीत म्यूट केलेला माणूस गेमच्या स्वतःच्या चॅटमधून बोलत असेल तर तो ऐकू येणारच, तिथे त्याला वेगळं म्यूट करावं लागतं.

एवढं सगळं करून कंट्रोलरला लावलेल्या हेडफोनमध्ये आवाज येतो, पण दुसऱ्या टीव्हीवर, दुसऱ्या केबलने, साध्या स्टिरिओवरही येत नाही, तर कन्सोलच्या एचडीएमआय बाजूचा प्रश्न आहे आणि तो सेटिंगने सुटणार नाही. दुरुस्तीला देताना ‘आवाज येत नाही’ एवढंच न सांगता हेडफोनवर येतो, टीव्ही आणि केबल बदलून पाहिली आहे, हे लिहून द्या. नाहीतर तिथेही आधी रिस्टार्टच होईल आणि यंत्र ‘ठीक आहे’ म्हणून परत येईल.